अठ्ठावीस गुण आणि एक जुनी फाईल

आमच्या घरात भांडी दोन जातींची होती: रोजची आणि माझ्या लग्नाची. रोजची चुलीपाशी असत, पोचे आलेली, कान तुटलेली. माझ्या लग्नाची माळ्यावर, वर्तमानपत्रात गुंडाळलेली. वर्षातून एकदा खाली उतरायची, पुसली जायची आणि पुन्हा वर जायची. आई दर दिवाळीला बाजारातून एखादं भांडं आणायची आणि त्यावर मशीनने 'कुंदा' एवढंच कोरून घ्यायची. आडनाव नाही. आडनाव कुठलं लागणार ते अजून ठरायचं होतं ना! त्या सगळ्यात माझा डोळा होता एका तीन कप्प्यांच्या डब्यावर. मी कामाला न्यायचे तो डबा धाकट्या काकांचा जुना, झाकण सैल झालेलं, त्याला रबर लावायचं आणि देवाचं नाव घ्यायचं. तरी कालवण गळायचंच. रिक्षात शेजारी बसलेली बाई आधी नाक मुरडायची, मग "सुका बोंबील का?" असं विचारायची. मी आईच्या किती वेळा मागे लागले असेन. "तो लग्नाचा," आई म्हणायची. "त्याला हात लावलास तर बघ."

पापडीच्या पलीकडे आमची वाडी. केळी, थोडी पानवेल, कडेने सोनचाफा आणि जिथे काहीच येत नाही तिथे अळू. बाबा आणि माझे दोन काका, तिघांच्या तीन चुली, पण विहीर एक आणि विहिरीवरचा पंपही एक. पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या. पहाटे पंप सुरू झाला की आमच्या भिंतीला बारीक थरथर यायची आणि फडताळातल्या कपबशा किणकिणायच्या. त्या आवाजाने आम्ही उठायचो. चर्चची घंटा त्यानंतर. घरात आम्ही आमच्या बोलीत बोलायचो. ती कागदावर उतरवायला गेले की तिच्यातला हेल निघून जातो आणि माझी काकी भलतीच कोणीतरी वाटायला लागते. म्हणून इथे मी सगळ्यांना थोडं शाळेतल्यासारखं बोलायला लावलं आहे. बिचारे सहन करतील.

बारावीनंतर मी माणिकपूरला सहा महिन्यांचा कॉम्प्युटरचा क्लास केला आणि तिथल्याच एका रक्तलघवी तपासणाऱ्या लॅबमध्ये रिपोर्ट टाईप करायला लागले. आमच्या वाडीतली कामाला बाहेर पडलेली मी पहिली मुलगी. 'पहिली मुलगी' म्हटलं की भाषणात टाळ्या पडतात, पण तेव्हा टाळ्या कोणी वाजवल्या नाहीत. "बघू किती दिवस टिकते," एवढंच मोठी काकी म्हणाली. मी टिकले, कारण मला ते काम मनापासून आवडायचं. पांढरा कोट नव्हता मला, पण खुर्ची होती, फिरणारी. लॅब डॉक्टर पाटणकरबाईंची. आम्ही त्यांना नुसतं 'बाई' म्हणायचो. काउंटरवर अॅग्नेस मावशी, आतल्या खोलीत मशीनवर रक्त तपासणारे राऊत आणि टायपिंगच्या खोलीत मी. अॅग्नेस मावशी पन्नाशीची. बावीस वर्षं वहीत नावं लिहिलेली, तिला बाईंनी कॉम्प्युटर शिकायला लावला. पहिले दोन महिने ती माऊसला हात लावण्याआधी क्रूसाची खूण करायची. पण शिकली. तिच्या टेबलावर मशीन आल्यापासून ती केसात फूल माळून यायला लागली होती, हे मी पाहिलं होतं.

मशीन चार होती: मावशीचं, राऊतांचं, बाईंच्या केबिनमधलं आणि माझं. चारही वायरने एकमेकांना जोडलेली. रिपोर्टचा प्रोग्रॅम सामंत नावाच्या प्रोग्रॅमरने बनवून दिला होता. तो चार ठिकाणी वेगवेगळा टाकण्याऐवजी त्याने माझ्या मशीनवर एका फोल्डरात ठेवला होता. बाकीचे तिघे वायरवरून तिथूनच चालवायचे. मला हे माहीत होतं, म्हणजे कानावरून गेलेलं होतं. विहिरीत पाणी कुठून येतं हेही मला तसंच माहीत होतं.

त्या वर्षी आगाशीचं स्थळ आलं. मुलगा नाकीडोळी नीटस, घरची वाडी, माणसं खाऊनपिऊन सुखी. पाहण्याचा कार्यक्रम झाला, पोहे झाले आणि निघताना मुलाची आई दारात चपला घालता घालता सहज म्हणाली, "लग्नानंतर नोकरीबिकरी नको हं, घरातच पुष्कळ काम असतं." आईने मान डोलावली. बाबांनी डोलावली की नाही ते मला दिसलं नाही, कारण मी चहाच्या कपांकडे बघत होते. नाही म्हणायला माझ्याकडे एकही सांगण्यासारखं कारण नव्हतं. 'मला माझी खुर्ची आवडते' हे काय कारण झालं? शेवटचा अडसर राहिला होता तो पत्रिकेचा. भटजी त्यांच्या गावी गेले होते, ते आठवड्याने यायचे होते. आणि नेमका त्याच आठवड्यात तुळिंजच्या मावशीचा दिलीप घरी आला, खिशात पत्रिका जुळवायची सीडी घेऊन. "भटजींना चार दिवस लागतात तिथे हा चार मिनिटांत सांगतो," तो बाबांना म्हणाला. बाबांनी सीडी उन्हात धरून दोन्ही बाजूंनी पाहिली आणि म्हणाले, "कॉम्प्युटरचं चुकत नसेल, नाही?"

माझ्या डोक्यात किडा वळवळला तो त्या वाक्याने. कॉम्प्युटरनेच सांगितलं की जुळत नाही, तर मला तोंड उघडायलाच नको. मी सीडी मागून घेतली. "लॅबमध्ये बघते," म्हणाले. छत्तीसातले अठरा गुण लागतात, माझे बारा-तेरा निघू देत, एवढंच मी सोपाऱ्याच्या देवीला सांगितलं. देवीला असलं उलटं मागणं कोणी घातलं नसेल.

लॅब दुपारी एक ते चार बंद असायची. मावशी आणि राऊत घरी जेवायला जायचे, बाई वर राहायच्या. मी डबा खाऊन तिथेच बसायचे. सीडी घालायची सोय फक्त माझ्या मशीनला होती. मी सीडी घातली. मशीन म्हणालं, जागा नाही. दुसरीकडे कुठे टाकू? जागा होती ती लॅबचा फोल्डर होता त्या भागात. पाहुणा आला की रिकाम्या खोलीत उतरवतात, तसं मी त्याला तोच फोल्डर दाखवला. मग त्याने अर्ध्यावर थांबून मला विचारलं: मी आणलेली एक फाईल तुमच्याकडे आधीच आहे, तुमची नवी आहे, माझी जुनी आहे, तुमची तशीच ठेवू का? मी नीट वाचलं. कळलं नाही असं मी म्हणणार नाही. मी विचारही केला. आणि माझा विचार असा होता की हे पत्रिकेचं काम, पंचांगाचं. यात जुनं असेल तेच खरं. जुनं ते सोनं! मी 'नको' दाबलं आणि त्याची जुनी फाईल बसू दिली. आज हे लिहिताना कपाळावर हात मारून घ्यावासा वाटतो. आता माझा फोन रात्री कधीतरी उठून स्वतःच नव्या फायली आणतो, मला विचारतही नाही. मला तो उद्धट वाटतो, पण त्याला माझ्यासारखी माणसं माहीत असावीत.

पत्रिका जुळली. अठ्ठावीस गुण. नाडी वेगळी, मंगळ नाही, 'विवाह अत्यंत शुभ'. खाली कमळाचं चित्र. मी तारखा पुन्हा तपासल्या, पुन्हा जुळवली, पुन्हा अठ्ठावीस. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मी छापील कागद घडी करून पर्समध्ये टाकला, सीडी काढली, प्रोग्रॅमही काढून टाकला. पुरावा नको. पण जाताना तो आपली जुनी फाईल मागेच ठेवून गेला, आणि हे मला माहीत नव्हतं.

चार वाजता लॅब उघडली. मावशीने प्रोग्रॅम सुरू केला आणि रिपोर्ट उघडण्याऐवजी इंग्रजीत एक चौकट आली. राऊतांकडे तीच. माझ्याकडे तीच. बाहेरच्या बाकावर माणसं जमायला लागली. त्यात एक आजोबा होते. त्यांचं दुसऱ्या दिवशी सकाळी ऑपरेशन होतं आणि रिपोर्ट घेऊन त्यांना संध्याकाळीच अॅडमिट व्हायचं होतं. त्यांची सून दर पाच मिनिटांनी खिडकीत यायची. चोराच्या मनात चांदणं, पहिल्या चौकटीलाच मी पर्समधला कागद आणखी आत सारला. बाईंनी सामंतला फोन लावला. तो अंधेरीला एका ऑफिसात अडकलेला. फोन माझ्या हातात देऊन बाई बाजूलाच उभ्या राहिल्या.

"मशीनवर काही नवीन टाकलंत का?" सामंतने पहिला प्रश्न हाच विचारला.

बाई माझ्याकडे बघत होत्या. "नाही," मी म्हणाले. इतक्या सहज म्हणाले की माझी मलाच लाज वाटली.

मग त्याने मला समजावलं. सामंत माणूस चांगला, शांत, शिक्षकासारखा बोलायचा. म्हणाला, प्रोग्रॅम सगळी कामं स्वतः करत नाही. काही कामं सगळ्यांनाच लागतात: तक्ता आखायचा, तारीख मांडायची, छापायचं. ती वेगळ्या फायलींत लिहून ठेवलेली असतात. त्यांच्या नावाच्या शेवटी डीएलएल असतं. ती फाईल एकच, आणि ज्याला गरज लागेल तो प्रोग्रॅम तिला हाक मारतो. "तुमचा प्रोग्रॅम तक्त्यासाठी हाक मारतोय आणि ती म्हणतेय, हे काम मला येत नाही. म्हणजे फाईल तिथे आहे, पण जुनी आहे. नाव तेच, आतलं वेगळं. फोल्डर उघडा आणि तारखा बघा."

मी तारखा बघितल्या. इतके दिवस त्या फोल्डरात मला नुसती गर्दी दिसायची. ओळीने नावं, कशाला हात लावू नका. त्या दिवशी पहिल्यांदा मी ती एकेक वाचली. सगळ्या फायली एकाच वर्षाच्या, आणि मध्येच एक तीन वर्षं आधीची. पत्रिकेलाही तक्ताच लागतो, बारा घरांचा. पत्रिका आणि रक्ताचा रिपोर्ट दोघंही एकाच फाईलला हाक मारत होते, आणि मी चौघांच्या हाताखालची फाईल माझ्या एकटीच्या कामासाठी बदलली होती. मला इतकं लख्ख कळलं की क्षणभर भीतीसुद्धा विसरले. खरं सांगते, आनंद झाला. मग खिडकीत पुन्हा आजोबांची सून आली.

चांगली फाईल सामंतने दिलेल्या फ्लॉपीवर होती, फ्लॉपी बाईंच्या कपाटात. बाईंनी किल्ली दिली. मी जुनी फाईल बाजूला सारून चांगली ठेवायला गेले तर मशीन म्हणालं, देत नाही, फाईल वापरात आहे. पुन्हा सामंत. "कोणीतरी तिला धरून बसलंय. सगळ्यांना प्रोग्रॅममधून बाहेर काढा." मी धावत मावशीकडे गेले, तिची चौकट बंद केली. राऊतांची केली. माझी केली. तरी वापरात. उरलं चौथं मशीन, केबिनमधलं. बाईंनी आपल्याकडे तरी चालतंय का म्हणून लावून पाहिलं होतं आणि तसंच ठेवलं होतं.

मी केबिनच्या दारात गेले तर आत अॅग्नेस मावशी उभी होती. एक वाजता घरी जाताना तिने मशीन नीट बंद न करता भिंतीवरचं बटणच बंद केलं होतं. ही तिची जुनी खोड, आणि बिघाड त्यातूनच झाला असं बाईंनी धरलं होतं. बाई आवाज चढवत नव्हत्या, पण म्हणत होत्या, "मावशी, उद्यापासून तुम्ही वहीतच लिहा. ते मशीन मी आत घेते. तुम्हाला नाही जमत तर उगाच कशाला."

आणि मावशी म्हणाली, "असेल बाई. माझंच काहीतरी चुकलं असेल."

ती वाद घालत नव्हती. तिला खरंच तसं वाटत होतं. मशीन बिघडलं म्हणजे आपल्याच हातून, हे तिने मनाशी धरलेलंच होतं. तिच्या केसातली अबोली सुकली होती. माझी नोकरी जाईल हे मला स्वच्छ दिसत होतं. नोकरी गेली की आगाशीला नाही म्हणायला कारणच उरत नव्हतं, हेही दिसत होतं. पण तिचं ते 'असेल' मला ऐकवेना.

"बाई, मावशींनी काही केलं नाही," मी म्हणाले. "मी केलं. दुपारी सीडी टाकून पत्रिका जुळवली. आणि सामंतांना खोटं सांगितलं."

"काय जुळवलंस?"

"पत्रिका. माझी."

बाईंनी चष्मा काढला. मला वाटलं, आता सांगतात उद्यापासून येऊ नकोस. "आधी काय करायचंय ते कर," त्या म्हणाल्या. "मग बोलू."

"तुमचा प्रोग्रॅम बंद करायचाय. तुम्ही धरून बसलाय फाईल."

त्यांनी बंद केला. मी धावले. या वेळी फाईल मुकाट्याने बसली. प्रोग्रॅम उघडला. काउंटरवरून मावशीचं "आलं, आलं!" ऐकू आलं आणि प्रिंटर खरखरायला लागला. आजोबांचा रिपोर्ट पहिला निघाला. मी तो खिडकीत दिला आणि हाताने डोळे पुसले. मागून मावशी येऊन उभी राहिली. मला वाटलं, आता ही काय बोलते कोण जाणे. मी मान खाली घातली.

"बाय माझे," ती हळूच म्हणाली, "जुळले किती?"

"अठ्ठावीस."

"अगो! मग रडतेस कशाला?"

सात वाजता बाईंनी बोलावलं. तो कागद मागितला, पूर्ण वाचला, कमळासकट. मी सगळं सांगितलं, चपला घालताना म्हटलेल्या वाक्यापासून. त्या म्हणाल्या, "काढणार नाही तुला. आज फाईल कुठली ते तू शोधलंस, तारखा बघून. ते उपयोगाचं आहे. पण ऐक. घरी नाही म्हणायचं असेल तर तोंडाने म्हण. माझ्या मशीनला त्यात घालू नकोस." मग कागद परत देत म्हणाल्या, "आणि मावशींचं मशीन जिथे आहे तिथेच राहील. हे तू त्यांना सांग, मी नको." मी सांगितलं. मावशीने नुसती मान हलवली आणि जाताना मशीन रीतसर बंद केलं, माझ्याकडे बघत बघत.

घरी गेले तेव्हा आई भाकऱ्या थापत होती आणि बाबा ओट्यावर दुसऱ्या दिवशीची केळीची पानं मोजून बांधत होते. केळफुलाची भाजी झाली होती. मी हातपाय न धुताच कागद बाबांपुढे धरला. "अठ्ठावीस जुळतात," मी म्हणाले. चुलीपाशी आईचा हात थांबला. "पण मला हे लग्न नको. मला नोकरी सोडायची नाहीये." आणि मग दुपारचं सगळं सांगितलं. फाईल, फोल्डर, चार मशीन. सांगता सांगता रडू फुटलं ते थांबेना.

बाबांनी ऐकत ऐकत एक जुडी बांधून बाजूला ठेवली. शेवटी म्हणाले, "म्हणजे आपल्या विहिरीवरचा पंप. तिघांचा मिळून एक. त्यातला चालता भाग काढून तू जुना बसवलास आणि कोणाला विचारलं नाहीस."

मी हो म्हणाले. सामंतला जे समजावायला पाऊण तास लागला ते माझ्या चौथी शिकलेल्या बापाने पानं बांधता बांधता समजून घेतलं.

"आणि हे कशासाठी, तर मला नाही म्हणायला नको म्हणून. मी काय वाघ आहे?"

आई मात्र वाघीण होती. "अठ्ठावीस गुण!" तिने भाकरी तव्यावर आपटली. "अठ्ठावीस गुण जुळतात आणि ही नको म्हणते! लोक शेण घालतील तोंडात. ती माळ्यावरची भांडी काय मी माझ्यासाठी जमवली?" त्या रात्री ती जेवली नाही. दुसऱ्या दिवशी माझ्याशी बोलली नाही. डबा भरून ठेवायची, पण हातात द्यायची नाही. अबोला माझ्याशी होता, पोटाशी नव्हता.

रविवारी बाबा आगाशीला निघाले. अंगात इस्त्रीचा सदरा आणि खांद्यावर वेलची केळीचा एक अख्खा घड. आम्ही बाजारासाठी राखलेला, सगळ्यात चांगला. धाकटे काका म्हणाले, "अरे, त्यांच्या घरची केळीची वाडी आहे. त्यांना काय केळी कमी?"

"असतील ढीगभर," बाबा म्हणाले. "नकार घेऊन रिकाम्या हाताने जात नसतात."

ते एसटीने गेले आणि दुपारी उन्हातून परत आले. पाणी प्यायले. आई दारात उभी होती, त्यांच्या तोंडाकडे बघत. "झालं," एवढंच म्हणाले. मग थोड्या वेळाने, "माणसं चांगली आहेत. चहा दिला." माझ्यामुळे त्यांना त्या ओट्यावर मान खाली घालून बसावं लागलं असेल, याचं मला आजही वाईट वाटतं. माझं लग्न पुढे यथावकाश झालं, नोकरीसकट. पण बाबांनी त्या दिवशी काय शब्द वापरले ते त्यांनी शेवटपर्यंत सांगितलं नाही.

सोमवारी पहाटे पंप लागला, कपबशा किणकिणल्या, मी उठले. आई चुलीपाशी होती. पाठ माझ्याकडे. मी आवरलं, वेणी घातली. कोपऱ्यात माझी पिशवी नेहमीसारखी ठेवलेली नव्हती. आईने ती स्वतः उचलली आणि माझ्या हातात दिली. जड लागली. आत बघितलं तर तीन कप्प्यांचा डबा. झाकणावर वर्तमानपत्राची शाई थोडी चिकटली होती, आणि मधोमध 'कुंदा'.

मी आईकडे बघितलं. ती तव्याकडेच बघत होती.

"संध्याकाळी आठवणीने परत आण," ती म्हणाली. "रोज लागेल."